जिन्सीवाल्यांची पितळी पाटी

सकाळचे ऊन आमच्या इमारतीत एकदम शिरत नाही. ते चपला बाहेर काढून, अंग चोरून आत येते. आधी समोरच्या गच्चीवरच्या काळ्या टाक्यांना हात लावते. मग दोरीवर वाळत घातलेल्या कुणाच्या तरी शाळेच्या गणवेशाच्या बाहीतून गाळून निघते. मग सिमेंटच्या जाळीतून जिन्यात उतरते आणि तिथे त्याचे लहान लहान चौकोन होतात. कुणी बेसनाच्या वड्या पाडून भिंतीवर वाळत ठेवाव्यात तसे. त्या वड्या फार सावकाश सरकतात. विजेच्या मीटरांवरून, लिफ्ट बंद असल्याच्या जुनाट सूचनेवरून, चौहान साहेबांच्या दारावरच्या लिंबू-मिरचीवरून त्या रेंगाळत येतात. श्रावणातला ढग मध्येच आला तर विझतात, आणि तो गेला की जिथे होत्या तिथूनच पुन्हा चालू लागतात. अगदी शेवटी त्या तिसऱ्या मजल्यावरच्या एका पितळी पाटीपाशी पोहोचतात. तेव्हा ती पाटी पेटते. दुसरा शब्द मला सुचलेला नाही. 'यशवंत जिन्सीवाले' ही अक्षरे उजळतात, आणि मी दुधाच्या पिशव्या हातात घेऊन समोर उभा असतो. पिशव्यांचे पाणी माझ्या पायजम्यावर ठिबकत राहते. भोपाळच्या अवधपुरीत याहून सुंदर दृश्य नाही, आणि याला तिकीटही नाही!

त्या पाटीमागे जुई राहते, हे सांगितले की माझ्या सौंदर्यदृष्टीचा उलगडा वाचकांना होईल.

जुई यशवंतरावांची मुलगी. आमचे दार तिच्या दारासमोर. एवढ्या जवळिकीत मी तिच्याशी आजवर एकच वाक्य बोललो होतो, "लिफ्ट बंद आहे," आणि तेही तिला आधीच ठाऊक होते. लिफ्ट बंद होऊन वर्ष उलटले होते. पण वाचकहो, लाजाळू माणसालाही एखादी विद्या येत असते! मला आडनावांची विद्या येते. तुम्ही आडनाव सांगा. तुमचे मूळ गाव, पूर्वजांचा हुद्दा आणि कुळाच्या स्वभावातील खोट मी चहा निवण्याआधी सांगतो! मी एम. पी. नगरातील एका विमा कार्यालयात काम करतो. अर्ज आला की इतर लोक रक्कम पाहतात, मी आडनाव पाहतो. पोतनीस दिसले की मला खजिन्याच्या थैल्या दिसतात, चिटणीस दिसले की बोरूची कुरकुर ऐकू येते.

माझे स्वतःचे नाव शार्दूल. शार्दूल म्हणजे वाघ. बारशाच्या दिवशी आत्याने पाळण्यात वाकून हे नाव माझ्या कानात सांगितले, तेव्हा मी दचकून जे रडू लागलो ते म्हणे दुसऱ्या दिवसापर्यंत थांबलो नाही. आडनाव हेदवळकर, कोकणातील हेदवळ या गावावरून. भोपाळच्या जिभेवर त्याचे 'हेडवाल' होते, आणि कार्यालयातील शिपाई मला 'हेड साहब' म्हणतो, ज्यामुळे आमचे खरे हेड साहब माझ्याकडे संशयाने पाहतात.

आता जिन्सीवाले हे आडनाव घ्या. भोपाळमध्ये जिन्सी नावाचा चौक आहे. म्हणून सोसायटीतल्या सर्वांचा एकच समज. "जिन्सीवाले मतलब जिन्सी में रहते होंगे, और क्या!" असे चौहान साहेब म्हणत, तेव्हा मी त्यांच्याकडे करुणेने पाहत असे. अज्ञान, दुसरे काय! जिन्सी म्हणजे तोफखाना! यशवंतराव मूळचे ग्वाल्हेरचे. म्हणजे त्यांचा पूर्वज सैन्याबरोबर उत्तरेत गेला, तोफखान्याचा कारभारी झाला आणि गावाचे नाव टाकून हुद्द्याचे नाव लावू लागला. हे मला पाटीवरच्या उन्हात लख्ख दिसत होते.

बेत साधा होता. जिन्सीवाल्यांकडे जायचे, त्यांच्या आडनावाचा वैभवशाली इतिहास त्यांना सांगायचा, यशवंतरावांनी भारावून जायचे, जुईने चहा आणायचा. पुढचे पुढे.

एका रविवारी मी बेल वाजवली. दार उघडले नाही. मात्र दाराच्या काचेच्या भोकातला उजेड मावळला. पलीकडे डोळा आला होता.

"कोण?"

"मी शार्दूल. समोरचा."

"समोरचा मतलब कोणत्या समोरचा?"

"तुमच्याच दारासमोरचा, काका. मागे तुम्ही आमच्याकडून पाना नेला होता."

पान्याचा उल्लेख नको होता. मग साखळीच्या लांबीएवढे दार उघडले आणि अर्धे यशवंतराव दिसले.

"पाना वापसी मागायला आला का?"

"नाही, नाही! तुमच्या आडनावाविषयी थोडे बोलायचे होते."

"आडनावाला काय झालं?" त्यांनी झटकन मान बाहेर काढून पाटीकडे पाहिले. पाटी जागेवर होती. ते जरासे निवले आणि मला आत घेतले. पण मी बसलो त्या खुर्चीपासून टीव्हीचा रिमोट त्यांनी उचलून दूर ठेवला.

"आपल्या आजोबांचे संपूर्ण नाव काय?" मी अदबीने सुरुवात केली.

"का बरं?"

"आणि आजींचे माहेरचे नाव? आपले जन्मगाव?"

यशवंतराव ताडकन उठले. "निर्मला! मोबाईल आत ठेव! हा तर सगळं तेच विचारून राहिला, जे बँकेचे चोर विचारतात!"

"काका, मी बँकेतला नाही हो!"

"चोर तरी कुठे बँकेतले असतात?"

सुदैवाने निर्मलाकाकू पोह्यांच्या बशा घेऊन बाहेर आल्या. काकू म्हणजे माया. कुणी घरात शिरला की आधी त्याला खाऊ घालायचे आणि तो कोण हे नंतर विचारायचे, असा त्यांचा क्रम. "अहो, किती घाबरवता त्याला! घे बेटा. जलेबी पण घे. काय विचारायचं ते मला विचार."

विचारले. इथेच घात झाला. जुई अजून स्वयंपाकघरात होती. कपांचा आवाज येत होता. मी एकाग्र होतो. पण विद्येचे असे असते, की एकदा चाक फिरू लागले की गाडी कुणाच्या दारात न्यायची होती ते विसरायला होते!

"काकू, तुमची कुलदेवी कोणती?"

"आहे ना रे. सासूबाईच करायच्या सगळं."

"वाघजाई तर नव्हे?"

"असू शकते. फोटोत वाघ तर होता."

वाघ अर्ध्या देव्यांच्या फोटोत असतो, असे माझ्यातला अभ्यासक कुजबुजला. मी त्याला गप्प केले. हेदवळची देवी वाघजाई! आमची कुलदेवी! "आणि गोत्र?" मी काकांकडे वळलो.

"गोत्र आहे. चांगलं गोत्र आहे," यशवंतराव सावधपणे म्हणाले.

"कौशिक?"

"हां... तसंच काहीसं."

"नवरात्रात घारगे करता, काकू?"

"करते ना! गोड तर सगळंच करते मी."

माझ्या अंगावर काटा उभा राहिला. सगळे दुवे जुळत होते! मी उभा राहिलो. आयुष्यात प्रथमच माझा आवाज खोलीच्या पलीकडच्या भिंतीपर्यंत पोहोचला. "काका! हेदवळमध्ये दोन भाऊ होते. एक गावात राहिला, तो हेदवळकर. दुसरा उत्तरेत आला, तोफखान्यावर बसला, तो जिन्सीवाले! देवी एक, गोत्र एक, कुळाचार एक! काका, आपण परके नाही! आपण एकाच रक्ताचे! भाऊबंद!"

आणि मग मी स्वतःचे वाक्य ऐकले.

वाचकहो, फांदी तोडायची असेल तर माणूस निदान दुसऱ्या फांदीवर बसतो. मी बसायची जागा स्वतः निवडून, झाडाची वंशावळ सांगून, मग करवत चालवली होती. चहाचा ट्रे घेऊन जुई दारात उभी होती. ती माझ्याकडे पाहत होती. तिच्या चेहऱ्यावर काहीतरी उमलले. नेमके काय, ते मी त्या दिवशी फार बारकाईने तपासले नाही. मी त्याला 'धक्का' असे नाव दिले.

"म्हणजे," ती म्हणाली, "तुम्ही तर माझे दादा निघालात!"

"फार दूरचा," मी घाईने म्हणालो. "अठरा पिढ्यांपूर्वीचा."

"दूरचा काय नि जवळचा काय!" काकूंनी डोळ्यांना पदर लावला. "माझ्या जुईला भाऊ नव्हता रे. राखीला दर साल ती देवाला बांधते. या साली समोरच मिळाला!"

रक्षाबंधन महिन्याच्या आत होते.

त्या दुपारीच सोसायटीच्या समूहात चौहान साहेबांचा संदेश झळकला : "जिन्सीवाले जी का बिछड़ा हुआ भतीजा सामने वाले फ्लैट में मिला। बधाई!" खाली हात जोडलेल्या चित्रांची रांग. संध्याकाळी काकूंनी 'दादासाठी' म्हणून मुगाचा शिरा पाठवला. मी तो खिन्नपणे खाल्ला. उत्तम होता.

एकटे यशवंतराव आनंदले नाहीत. कारखान्यातल्या उभ्या नोकरीत त्यांनी तयार माल तपासायचे काम केले होते, आणि निवृत्तीनंतरही माणसांना ते त्याच नजरेने पाहत. तडा कुठे आहे ते शोधत. "चार पिढ्यांत एक भाऊबंद आला नाही," ते काकूंना मला ऐकू जाईल अशा आवाजात म्हणाले. "आणि आता एकदम देवीचं नाव घेत आला. देवीच का? विचार कर." विचार करून त्यांनीच निष्कर्ष काढला. त्यांच्या देवघरात देवीचा जुना चांदीचा टाक होता. कुळाची देवी थोरल्या पातीकडे, म्हणजे थोरल्या भावाच्या वंशाकडे, राहते. तेव्हा मी तो टाक न्यायला आलो होतो! त्या दिवसापासून मी त्यांच्या घरी पाऊल टाकले की देवघराच्या कपाटाला कुलूप लागे आणि यशवंतराव त्याच्यासमोर खुर्ची टाकून बसत.

"थोरली पाती आमची आहे," एकदा ते काहीही संदर्भ नसताना म्हणाले. "तोफखान्यावर छोट्या भावाला कोण बसवणार?"

हे मी घरी सहज बोललो, ही माझी दुसरी चूक. माझे बाबा, अच्युत हेदवळकर, पुण्याहून सरकारी कंपनीत बदली होऊन आले. कंपनी त्यांना विसरली आणि ते इथेच उरले. त्यांचा आवाज मी फक्त क्रिकेटच्या सामन्यात ऐकला होता. त्यांनी वर्तमानपत्र खाली ठेवले.

"थोरली पाती त्यांची? गावाचं नाव कुणाकडे राहिलं? आपल्याकडे! थोरला घर सांभाळतो, धाकटा नोकरी शोधायला उत्तरेत जातो. हे उघड आहे."

"अहो, पण कालपर्यंत तुम्हाला पाती म्हणजे कांद्याची एवढंच ठाऊक होतं," आई म्हणाली.

"मनोरमा, हा मानाचा प्रश्न आहे!"

काल-परवापर्यंत ही दोन माणसे सकाळी जिन्यात वर्तमानपत्रांची अदलाबदल करीत. आठवड्याच्या आत त्यांनी बोलणे सोडले. बाबा आपला पेपर वाचून झाल्यावर रद्दीत टाकू लागले. यशवंतरावांनी आमचा पाना वर्तमानपत्रात गुंडाळून, दाराबाहेर ठेवून, बेल वाजवून परत केला. खरे सांगू? भाऊबंद असल्याचा याहून सबळ पुरावा मलाही मिळाला नसता!

मग बाळू गेला.

तो श्रावणातला शुक्रवार होता. आईने सवाष्ण जेवायला सांगितली होती. पुरण वाटून तयार, कटाची आमटी उकळत होती, आणि बेल वाजली. दारात यशवंतराव. चेहरा दुःखी होता, पण डोळे आईच्या खांद्यावरून थेट स्वयंपाकघरात पोहोचले होते.

"वहिनी, वाईट खबर आहे. बाळू गेला."

"कोण बाळू?"

"आपला बाळू! ग्वाल्हेरचा. पहिले फक्त आमचा होता. आता तुमचा पण." त्यांनी उसासा टाकला. "सुतक लागलं ना आपल्याला. तुम्ही पाळत असाल तर. मतलब, खरे भाऊबंद असाल तर."

आईने कमरेला पदर खोचला. "भावजी, मी ज्याचं नाव आजच ऐकलं, त्याच्यासाठी पुरण फेकू?"

माझ्या मनात आशेचा किरण चमकला. आई नाकारणार! सुतक नाही म्हणजे नाते नाही! पण आतल्या खोलीतून बाबा आले. त्यांनी चष्मा काढून पुसला. "पाळणार," ते गंभीरपणे म्हणाले. "थोरल्या पातीनं नाही पाळायचं, तर पाळायचं कुणी?"

यशवंतरावांच्या जबड्याचा एक स्नायू उडाला. बाळूच्या मृत्यूने त्यांना झाले नसेल एवढे दुःख त्यांना या वाक्याने झाले.

सवाष्णीला फोन करून नको म्हणून सांगितले. देवघर बंद झाले. पुरणपोळ्या चौहान साहेबांकडे गेल्या. त्यांना कुणाच्या सुतकाचे वावडे नव्हते. दुसऱ्या दिवशी जिन्यात त्यांनी मला हळूच विचारले, "बहुत बढ़िया थी, भाई! ग्वालियर में और कोई बीमार है क्या?"

त्यानंतरचे दिवस मी विसरणार नाही. आमच्या दाराला एक भोक, त्यांच्या दाराला एक भोक, आणि दोन्ही भोकांमागे एकेक डोळा! आम्ही सुतक पाळतो की नाही हे यशवंतराव पाहत. ते पाहतात की नाही हे बाबा पाहत. आईने एकदा वैतागून भजी तळायला घेतली, तर बाबांनी दाराखालच्या फटीला ओला टॉवेल लावला. तरी वास गेलाच. थोड्याच वेळात समोरून आवाज आला, "निर्मला, कुणाच्या घरी सण आहे का गं आज?"

या साऱ्या अंधारात एकटा मी सुखी होतो. का, ते ऐका. माझा हिशेब बिनतोड होता. नाते खरे असेल तर दहा दिवसांचे सुतक आहे, आणि राखी त्याच्या आतच येते. सुतकात सण नाही, म्हणून राखी नाही. नाते खोटे असेल तर मी भाऊ नाही, म्हणून राखी नाही! दोन्ही दरवाजांतून मी सुटत होतो! बाळूला मी मनोमन नमस्कार केला. त्याला पाहिले नव्हते, पण इतका उपयोगी नातेवाईक आमच्या कुळात दुसरा झाला नाही.

एका सकाळी ऊन नेमके पाटीवर पोहोचत असताना दार उघडले आणि जुई बाहेर आली. माझ्या हातातली दुधाची पिशवी घसरता घसरता राहिली.

"दादा," ती हलक्या आवाजात म्हणाली, "हे सुतक राखीपर्यंत संपेल ना?"

तिच्या कपाळावर काळजीची बारीक आठी होती. बिचारी! राखी बांधावी लागेल या भीतीने तिची झोप उडाली असणार! माझे काळीज भरून आले.

"तू काळजी करू नकोस," मी म्हणालो. 'तू' म्हणालो! "मी काहीतरी करतो."

"खरंच?" ती हसली. "थँक यू, दादा!"

त्या हसण्याच्या बळावर मी कामाला लागलो. सुतक राखी टाळील; पण भाऊबीज कोण टाळणार? प्रत्येक सणाला ग्वाल्हेरमध्ये कुणी जाईल अशी अपेक्षा धरणे सभ्यपणाचे नव्हते. नातेच मुळातून उपटायला हवे होते, आणि ते मीच लावलेले असल्यामुळे मी उपटणे संशयास्पद दिसले असते. मी यशवंतरावांकडे गेलो.

"काका, थोरली पाती कुणाची, याचा निकाल लागायला हवा. तुमच्याकडे जुने कुणी जाणते आहे?"

त्यांनी मला नखशिखान्त न्याहाळले. "सुशीलाआत्या आहे. माझ्या वडिलांची बहीण. ग्वाल्हेरला असते. तिला सगळं मालूम आहे. पण तुला का पाहिजे निकाल?"

"न्यायासाठी," मी म्हणालो.

"न्यायासाठी कुणी काही करत नाही," यशवंतराव म्हणाले. पण मोह त्यांनाही आवरला नाही.

राखीच्या आदल्या संध्याकाळी दोन्ही घरे जिन्सीवाल्यांच्या दिवाणखान्यात जमली. बाबा इस्त्रीचा सदरा घालून आले होते. यशवंतराव कुलूपबंद कपाटाला टेकून बसले. जुईने मोबाईल फुलदाणीला टेकवून लावला. पडद्यावर ग्वाल्हेरचा पंखा दिसला आणि त्याच्या खाली अर्धे कपाळ.

"आत्या, फोन जरा खाली करा," जुई ओरडली.

"मी खालीच बसली आहे!" कपाळ म्हणाले. "बोल यशा. काय झालं?"

"आत्या, हे हेदवळकर. आपले भाऊबंद. आपण सगळे मूळ हेदवळचे ना?"

"कुठलं हेदवळ?"

"कोकणातलं. आपली देवी वाघजाई..."

"वाघजाई कुठून आली? आपली देवी तुळजापूरची. वाघ नाही रे, सिंह आहे तिच्याजवळ. चश्मा लाव!"

बाबांनी माझ्याकडे पाहिले. मी पंख्याकडे पाहिले. "पण आत्या, गोत्र तर आपलं कौशिक..." यशवंतराव चाचरले.

"भारद्वाज! यशा, साठ वर्षांचा घोडा झालास, स्वतःचं गोत्र मालूम नाही? लग्नात काय सांगितलं होतंस?"

"भटजींनी जे म्हटलं त्याला हो म्हटलं होतं."

आता सारे माझ्या तोफखान्यावर येऊन थांबले होते. माझे आतडे तुटत होते. एकीकडे नाते संपल्याचा हर्ष, दुसरीकडे विद्येची विटंबना! मला राहवले नाही. मी पुढे वाकलो. "आत्या, पण जिन्सी म्हणजे तोफखाना ना? आपले पूर्वज तोफखान्यावर होते ना?"

"कोण आहे हा? तोफ कसली आली! माझे वडील घोटाळ्यातून वाचायला जिन्सीवाले झाले हो. आमच्या ओळखीत दोन दामोदरपंत होते. एक नई सडकवर राहायचे, आणि आम्ही इथल्याच जिन्सीच्या नाल्याजवळ भाड्यानं. कुणी विचारलं की कोणते दामोदरपंत, की लोक म्हणायचे, ते जिन्सीवाले. तेच चिकटलं. जिन्सीमध्ये राहायचो म्हणून जिन्सीवाले, आणखी काय!"

चौहान साहेब तिथे नव्हते, हे माझे नशीब.

"म्हणजे," बाबा सावकाश म्हणाले, "आमचं सुतक..."

"कसलं सुतक?"

"बाळूचं," आई पुढे सरसावली. "तुमच्या बाळूचं सुतक पाळतोय आम्ही! शिजलेलं पुरण दिलं शेजारी!"

पडद्यावर प्रथमच पूर्ण चेहरा आला. ऐंशी वर्षांचा, आणि हसून हसून हलणारा. "अगं बाई! बाळू तर माझ्या नणंदेचा मुलगा! माझ्या सासरचा! त्याचं सुतक यशालाच नाही, तर तुम्हाला कुठून? जिता होता तेव्हा बाळूनं कुणाला चहा पाजला नाही, आणि मेल्यावर अनोळखी लोकांना उपाशी ठेवलं!"

सगळ्यांच्या नजरा यशवंतरावांकडे वळल्या. ते छताकडे पाहत होते.

"यशवंतराव," बाबा म्हणाले, "तुम्हाला हे ठाऊक होतं?"

"मी तर फक्त चेक करून राहिलो होतो," यशवंतराव पुटपुटले. "खरे भाऊबंद आहेत की डुप्लिकेट. मला काय मालूम, तुम्ही पास होऊन जाल!"

आई उठली. "भावजी, उद्या नारळी भात करणार आहे. तुम्ही येऊन भांडी घासायची." आणि तिने इतक्या गंभीरपणे हे सांगितले, की यशवंतराव "हो वहिनी" म्हणून गेले. मग आधी काकू हसल्या, मग बाबा. कपाटाचे कुलूप निघाले, चहा झाला आणि दोघे गृहस्थ क्रिकेटवर बोलू लागले. भाऊबंदकी संपताच स्नेह परतला.

मी जुईकडे पाहिले नाही. विजयी माणसाने घाई करू नये.

दुसऱ्या दिवशी मी नेहमीपेक्षा लवकर दूध आणायला गेलो. ऊन अजून मीटरांवर होते. मी पाटीसमोर उभा राहिलो. आज प्रथमच माझ्यात आणि त्या पाटीत गोत्र नव्हते, देवी नव्हती, बाळू नव्हता. पाटीच्या चारही कोपऱ्यांना नवेकोरे स्क्रू होते, ते मला तेव्हाच दिसले.

दार उघडले. जुई. हातात तबक, तबकात निरांजन, कुंकू, पेढा आणि एक जाड, जरीची राखी.

"हात पुढे करा, दादा."

"पण..." मी पिशव्या छातीशी धरल्या. "आता तर काही नातेच नाही आपले. आत्या म्हणाल्या ना काल! भारद्वाज... तुळजापूर..."

"तेच तर." तिने माझ्या हातातल्या दुधाच्या पिशव्या घेऊन खाली ठेवल्या. "नातं असतं तर बांधावीच लागली असती. आता मी माझ्या मर्जीनं बांधते आहे. सुतक असतं तर तीही राहून गेली असती."

"पण तू तर काळजीत होतीस..."

"होतेच ना! राखी हुकली असती तर पुन्हा कसं सांगितलं असतं तुम्हाला?" तिने गाठ मारली, घट्ट, दुहेरी. मग थोडे थांबून, माझ्याकडे न पाहता म्हणाली, "तुम्ही रोज सकाळी इथे उभे राहता, ते मला मालूम आहे. बाबांना वाटतं तुम्ही पाटी चोरणार आहात. म्हणून नवे स्क्रू लावले त्यांनी. मी त्यांना खरं काय ते सांगितलं नाही. सांगणार पण नाही. पेढा घ्या."

मी पेढा घेतला. राखी हा शब्द कुठून आला ते तिला सांगावे, असे क्षणभर वाटले. सांगितले नाही. आतून यशवंतरावांचा आवाज आला, "जुई, पाटी आहे ना जागेवर?"

"आहे, बाबा!"

दार लागले. जिन्यातली पिवळी वडी सरकत सरकत आली आणि पाटी पेटली. माझ्या मनगटावरची जरही पेटली. त्या रविवारी चहा घेऊन ती दारात उभी होती, मी 'भाऊबंद' म्हणालो होतो, आणि तिच्या चेहऱ्यावर काहीतरी उमलले होते. त्याला मी 'धक्का' म्हटले होते. ती सुटका होती.

मी जुईला आवडत नव्हतो.